मुंबई एकोणिसावी की विसावी? : टूरच्या तक्त्याच्या प्रकल्प नोंदी

८ सप्टेंबर २०२५

विसर्जनाचा शीण अजून उतरलेला नाही, पण तक्त्याला आज हात घातला. १९८० पासून मुंबईत झालेल्या परदेशी गायकांच्या आणि बँडच्या कॉन्सर्टचा मराठी तक्ता करायचा आणि दादरच्या आमच्या वाचनालयाच्या भिंतीवर लावायचा, हे गणपतीच्या आधीच ठरलं होतं. पहिली ओळ धोबी तलावच्या रंगभवनची: मार्च १९८०, द पोलिस. तारीख, जागा, कलाकार हे तीन रकाने भराभर भरत गेले. चौथा रकाना 'कोणत्या टूरमधली?' आणि तिथे गाडी अडली.

हा रकाना सगळ्यात सोपा जाईल असं वाटलं होतं. पोस्टरवर टूरचं नाव असतं, ते उतरवायचं. पण पहिल्या तासातच तीन ओळी अशा निघाल्या की नाव लिहावं की जागा मोकळी सोडावी ते ठरेना. नियम न ठरवता भरत गेलो तर प्रत्येक ओळीला वेगळा न्याय मिळणार. म्हणून एकच टूर पहिल्या तारखेपासून शेवटच्या तारखेपर्यंत पूर्ण घ्यायची आणि नियम तिच्यावर घासून बघायचा, असं ठरलं. मायकल जॅक्सनची हिस्टरी टूर घेतली. तिच्यातली एक ओळ आपली आहे: १ नोव्हेंबर १९९६, अंधेरीचं क्रीडा संकुल. भिंतीपाशी उभा राहणारा माणूस आधी तीच ओळ शोधणार.

११ सप्टेंबर

हिस्टरी टूर ७ सप्टेंबर १९९६ ला प्रागच्या लेटना पार्कात सुरू झाली आणि १५ ऑक्टोबर १९९७ ला दक्षिण आफ्रिकेत डर्बनला संपली. एकूण ८२ कॉन्सर्ट. मुंबईपर्यंतची वाट अशी: प्राग, बुडापेस्ट, बुखारेस्ट, मॉस्को, वॉर्सा, सारागोसा, ॲमस्टरडॅमच्या तीन, ट्युनिस, सोलच्या दोन, तैवानमधल्या तीन, सिंगापूर, क्वालालंपूरच्या दोन आणि मग आपण. मोजून बघितलं, मुंबई १९ वी.

संध्याकाळी तक्ता सांभाळणारा पोरगा आला आणि त्याने प्रागच्या वर आणखी एक ओळ घातली: १६ जुलै १९९६, ब्रुनेई, जेरुडाँग पार्क. त्याबरोबर मुंबई विसावी झाली आणि बेरीज ८३ वर गेली.

त्याचा मुद्दा उडवून लावण्यासारखा नाही. कॉन्सर्ट खरीच झाली. ब्रुनेईच्या सुलतानाच्या पन्नासाव्या वाढदिवसानिमित्त होती आणि लोकांना फुकट होती. 'हिस्टरी' अल्बम त्याच्या आदल्या वर्षीच आला होता आणि त्यातली काही गाणी तिथे गायली गेली. शिवाय त्याच वर्षी ३१ डिसेंबरला मायकल जॅक्सन त्याच जेरुडाँग पार्कात पुन्हा गायला आणि ती कॉन्सर्ट टूरमध्ये धरली जाते. मग एकाच गावाला, एकाच मैदानाला, एकाच वर्षात दोन माप कशी लावायची, असं त्याचं म्हणणं.

मला उत्तर मनात ठाऊक होतं, शब्दांत मांडता येईना. ओळ तूर्त पिवळी करून ठेवली.

१४ सप्टेंबर

रविवार. गिरगावात मामाकडे गेले. मामाने तीस वर्षं नाटकांचं व्यवस्थापन केलं. शिवाजी मंदिर, दीनानाथ, गडकरी आणि मे महिन्यात कोकणचा दौरा. प्रयोगांचे आकडे सांभाळणं हे त्याचं रोजचं काम. पाचशेवा प्रयोग जाहीर करायचा असेल तर आधीचे चारशे नव्व्याण्णव कोणते, हे कुणीतरी छातीवर हात ठेवून सांगावं लागतं.

माळ्यावरून त्याने वही काढली. लाल कापडी पाठीची, लांबट, कडांना बोटांचा मळ बसलेली. पेन्सिलीने आखलेले रकाने: क्रमांक, तारीख, नाट्यगृह, वेळ, बुकिंग, शेरा. शुभारंभाच्या प्रयोगासमोर १. त्याच्या वर, त्याच पानावर रंगीत तालमीची ओळ आहे. तारीख आहे, नाट्यगृह आहे, शेऱ्यात 'आमंत्रित' आहे. क्रमांकाच्या घरात फक्त एक आडवी रेघ.

"ही ओळ लिहिलीच कशाला मग? मोजायची नव्हती तर?" मी विचारलं.

"अगं, झाली होती ना! झालेलं लिहायचंच. मोजायचं की नाही, तो दुसरा प्रश्न."

मग पानं उलटत गेलो. ज्यांच्या शेऱ्यात 'कॉ.' आहे ते कॉन्ट्रॅक्टचे प्रयोग, म्हणजे एखाद्या संस्थेने किंवा बँकेच्या कर्मचाऱ्यांनी अख्खा विकत घेतलेला खेळ. खिडकीवर एक तिकीट विकलं गेलेलं नसतं, तरी क्रमांक मिळतो. एका सत्कार समारंभात याच कलाकारांनी याच नाटकाचा दुसरा अंक करून दाखवला, पूर्ण वेशभूषेत, मानधन घेऊन. त्याला आडवी रेघ. कोकणात एका गावी दुसऱ्या अंकात पावसाने खेळ थांबवला. त्याला क्रमांक आहे. आणि २६ जुलै २००५ च्या संध्याकाळच्या ओळीवर पूर्ण काट, शेऱ्यात एकच शब्द: 'पाणी'. तो क्रमांक पुढच्या प्रयोगाला दिलेला.

मी म्हटलं, पावसाने थांबलेला मोजलास आणि पुरात बुडालेला नाही, असं का?

"तिसरी घंटा झाली होती. पडदा उघडला होता. दादरला त्या दिवशी आम्ही पोचलोच नाही."

ब्रुनेई त्याला सांगितलं. त्याने एकच विचारलं: "बाहेर पाटी कुठली लागली होती?"

१५ सप्टेंबर

रात्री झोप लागली नाही, म्हणून सकाळी लवकर वाचनालयात येऊन मामाची पाटी आमच्या भाषेत लिहून काढली. पहिला प्रश्न, ती कॉन्सर्ट त्या टूरच्या नावाने जाहीर झाली होती का? दुसरा, मंचावरची मांडणी त्या टूरचीच होती का, म्हणजे गाण्यांचा क्रम, नेपथ्य, नर्तक, दिवे? तिसरा, तारखांच्या साखळीत ती बसते का, की साखळीच्या बाहेर एकटी उभी आहे? तिन्हींत वजन पहिल्याला. नाव असेल तर बाकीच्या दोहोंत थोडं इकडेतिकडे चालेल. नाव नसेल तर मांडणी कितीही जुळली तरी क्रमांक नाही.

ब्रुनेईच्या दोन तारखा आता आपोआप वेगळ्या झाल्या. जुलैतली वाढदिवसाची: टूरचं नाव नाही. मांडणी बरीचशी आधीच्या डेंजरस टूरची, तीत नवी गाणी बसवलेली. आणि प्रागच्या पहिल्या तारखेला अजून ५३ दिवस होते. डिसेंबरची मात्र फुकुओका आणि होनोलुलू यांच्या मधोमध साखळीत ओवलेली. मैदान तेच, यजमान तेच, तरी एक आत आणि एक बाहेर. पोरग्याला फोन केला. तो म्हणाला, "ताई, मग जुलैची ओळ पुसू?" पुसायची नाही म्हणाले. झालेलं लिहायचंच.

१९ सप्टेंबर

नियम मुंबईबाहेर लावून बघितला. रिओ दि जानेरोचा कोपाकबाना किनारा. ४ मे २०२४ ला तिथे मॅडोना गायली, ३ मे २०२५ ला लेडी गागा. दोन्ही वेळा किनारा खुला, तिकीट नाही, गर्दी लाखांच्या घरात. तरी मॅडोनाची कॉन्सर्ट तिच्या सेलिब्रेशन टूरची शेवटची कॉन्सर्ट म्हणून मोजली जाते. ही टूर ऑक्टोबर २०२३ मध्ये लंडनहून निघाली होती आणि रिओला येऊन थांबणार, हे जाहीर होतं. गागाची कॉन्सर्ट तिच्या मेहेम बॉल टूरमध्ये येत नाही. ती टूर त्यानंतर १६ जुलैला लास व्हेगासला सुरू झाली. रिओ आणि मे महिन्यातल्या सिंगापूरच्या कॉन्सर्ट त्याच अल्बमच्या असूनही टूरच्या आधीच्या, वेगळ्या.

याने एक गोष्ट निकालात निघाली. फुकट की तिकीट लावून, हा निकष नव्हेच. इतके दिवस आम्ही जुलैच्या ब्रुनेईला 'फुकट होती म्हणून नाही' असं उत्तर देत होतो. उत्तर बरोबर होतं, कारण चुकीचं होतं.

२४ सप्टेंबर

आज मुंबईच्या ओळीवर बसलो. या ओळीचा निकाल लावणं अवघड नाही. पण वाचनालयात येणारी वडीलधारी मंडळी हमखास म्हणतात, "ती कसली टूर, तो तर मदतनिधीचा कार्यक्रम होता." म्हणून सगळं नीट लिहून ठेवते.

१९९६ ची ती कॉन्सर्ट शिव उद्योग सेनेच्या मदतीसाठी झाली, ही गोष्ट खरी. मराठी तरुणांना रोजगार मिळवून देण्यासाठी काढलेली ती संस्था. आयोजनाचं काम विझक्राफ्टकडे होतं. विमानतळावर सोनाली बेंद्रे नऊवारीत आरतीचं तबक घेऊन उभी होती, मायकल जॅक्सन 'मातोश्री'वर जाऊन आला, हे इथल्या माणसांना तोंडपाठ आहे. युती सरकारने कार्यक्रमाला करमणूक कर माफ केला. मुंबई ग्राहक पंचायत त्याविरुद्ध उच्च न्यायालयात गेली. २०११ मध्ये न्यायालयाने ती माफी रद्द करून सरकारला पुन्हा विचार करायला सांगितलं आणि जानेवारी २०२१ मध्ये मंत्रिमंडळाने पुन्हा माफीचाच निर्णय घेतला. सव्वातीन कोटींहून जास्त रकमेचा प्रश्न, कॉन्सर्टनंतर चोवीस वर्षांनी मिटलेला.

करमाफी द्यावी की नाही, यावर माझं स्वतःचं मत आहे आणि ते ग्राहक पंचायतीच्या बाजूचं आहे. पण पैसा कुणाकडे गेला आणि कर कुणी भरला, याने ती टूरमधली ठरत नाही किंवा टूरबाहेर जात नाही. मामाच्या वहीत हा सरळ 'कॉ.' चा प्रयोग आहे. खेळ कुणी विकत घेतला ते शेऱ्यात लिहायचं, क्रमांक कायम. मंच तोच, जो क्वालालंपूरहून निघाला आणि पुढे बँकॉकला गेला. २९ ऑक्टोबर क्वालालंपूर, १ नोव्हेंबर मुंबई, ५ नोव्हेंबर बँकॉक. साखळीत कुठे फट नाही.

रंगभवनच्या पहिल्या ओळीलाही हेच लागू. द पोलिसची ती कॉन्सर्ट महिलांच्या एका सेवाभावी संस्थेने भरवली होती, पण बँड आपल्या जगाच्या दौऱ्यावर असताना मुंबईला आला होता. क्रमांक द्यायचा.

२ ऑक्टोबर

दसरा. वाचनालय बंद, घरूनच काम केलं. न झालेल्या कॉन्सर्टचा प्रश्न हातावेगळा केला.

टेलर स्विफ्टच्या इराज टूरचा आकडा १४९ आहे. मार्च २०२३ मध्ये ग्लेंडेलला सुरू, ८ डिसेंबर २०२४ ला व्हँकुव्हरला शेवट. ऑगस्ट २०२४ मधल्या व्हिएन्नाच्या तीन कॉन्सर्ट घातपाताचा कट उघडकीला आल्यामुळे रद्द झाल्या. त्या या १४९ मध्ये नाहीत. ब्युनोस आयरेसची एक आणि रिओची एक पुढे ढकलली गेली, ती मात्र प्रत्यक्ष झाल्या तारखेला मोजली जाते. मामाच्या वहीतला २६ जुलैचा नियम जसाच्या तसा.

मायकल जॅक्सनची लंडनची ओ-टू अरीनातली पन्नास कॉन्सर्टची मालिका जुलै २००९ पासून व्हायची होती. तिकिटं विकली गेली होती, तालमी चालू होत्या. २५ जूनला तो गेला. त्या पन्नास तारखांना कुठलाच क्रमांक लागत नाही. हे टाइप करताना हात थोडा थांबला.

११ ऑक्टोबर

आजची नोंद मोठी आहे, कारण चूक माझी होती आणि ती आठ दिवस भिंतीवर होती.

पहिला कच्चा तक्ता लावला तेव्हा १९ नोव्हेंबर २०१६, वांद्रे-कुर्ला संकुल, एमएमआरडीए मैदान, कोल्डप्ले, यासमोर मी 'अ हेड फुल ऑफ ड्रीम्स टूर' लिहून टाकलं होतं. तारखा बघितल्या आणि समाधान झालं. टूर ३१ मार्च २०१६ ला अर्जेंटिनात ला प्लाताला सुरू, १५ नोव्हेंबर २०१७ ला तिथेच संपली. नोव्हेंबर २०१६ बरोबर पोटात बसतो. पण पोटात बसणं म्हणजे साखळीत असणं नव्हे, हे मी जुलैच्या ब्रुनेईसाठी स्वतः लिहिलं होतं आणि इथे विसरले.

भाची त्या मैदानावर होती. आज आली, तक्त्यासमोर उभी राहिली आणि म्हणाली, "मावशी, हे चुकलंय. आम्ही कोल्डप्लेचं तिकीट काढलंच नव्हतं." तिने सांगितलं, ते असं. पाटी होती ग्लोबल सिटिझन फेस्टिव्हल इंडियाची. प्रवेशिका मिळवायला फोनवर सामाजिक कामाच्या पायऱ्या पूर्ण कराव्या लागल्या. शिक्षण, स्वच्छता, स्त्री-पुरुष समानता असे विषय. दुपारपासून एकामागून एक कलाकार, पंतप्रधानांचं व्हिडिओवरून भाषण, जे-झी आणि मग शेवटी कोल्डप्ले. ए. आर. रहमान त्यांच्यासोबत मंचावर आले तेव्हा तिच्या शेजारची मुलगी रडत होती. "पण ती आमच्यासाठी कोल्डप्लेचीच कॉन्सर्ट होती गं," असंही ती शेवटी म्हणाली.

दोन्ही खरं आहे. जी मंडळी तिला टूरमध्ये धरतात त्यांचं म्हणणं मला कळतं. बँड त्या महिन्यांत तीच गाणी घेऊन फिरत होता, मुंबईत पहिल्यांदाच इतक्या लोकांसमोर आला होता. पण पाटी महोत्सवाची होती आणि बँड तिच्यावरच्या अनेक नावांपैकी एक, मोठं असलं तरी एकच. सत्कार समारंभातल्या दुसऱ्या अंकासारखं. खोडून आडवी रेघ घातली. शेऱ्यात: 'टूरच्या काळात, टूरबाहेर. महोत्सव.' भाचीला विचारूनच घातली.

नेरूळच्या २०२५ च्या तीन कॉन्सर्टबद्दल मात्र शंका नाही. म्युझिक ऑफ द स्फिअर्स टूर, नाव ठळक, पुढे लगेच २५ आणि २६ जानेवारीला अहमदाबाद.

१७ ऑक्टोबर

फुटकळ निकाल. जस्टिन बीबर, १० मे २०१७, डी. वाय. पाटील: पर्पज टूर, क्रमांक. तोच जुलै २०२४ मध्ये एका बड्या उद्योगपतीच्या घरच्या संगीत समारंभात मुंबईत गायला: आमंत्रितांचा कार्यक्रम, आडवी रेघ. यू-टू, १५ डिसेंबर २०१९, तेच स्टेडियम: जोशुआ ट्री टूर. या नावाची टूर २०१७ मध्येही झाली होती, तिकडे ऑक्टोबरमध्ये पडदा पडला आणि इकडे दोन वर्षांनी ऑकलंडला उघडला, नावात '२०१९' घालून. आम्ही ती वेगळी टूर धरली. मुंबई तिची शेवटची कॉन्सर्ट. हिस्टरी टूरमध्येही जानेवारी ते मे १९९७ अशी मोठी सुट्टी होती, पण नाव बदललं नाही, पाटी उतरली नाही. म्हणून ती एकच.

नेरूळला मुंबई म्हणावं का, यावर पोरगा आणि मी अर्धा तास बोललो. जागेच्या रकान्यात 'नेरूळ, नवी मुंबई' लिहिलं. तिथे राहणाऱ्यांचा तो हक्क आहे.

१ नोव्हेंबर

आज त्या कॉन्सर्टला २९ वर्षं झाली. आझाद नगर मेट्रो स्टेशनवर उतरून शहाजीराजे क्रीडा संकुलापर्यंत चालत गेले. खांद्यावर टॉवेल टाकून पोहायला निघालेली मुलं, फाटकापाशी रिक्षांची रांग. माझी थोरली बहीण त्या रात्री इथे आत होती आणि मी घरी, परीक्षेचं कारण सांगून ठेवून घेतलेली. तिला फोन लावला. ती म्हणाली, लांबून तो बोटाएवढा दिसत होता, पण टाळ्या कधी वाजवायच्या हे सगळ्यांना बरोबर कळत होतं. किती वाजता सुरू झालं ते तिला आठवत नाही. लोकलमध्ये परतताना अख्खा डबा गात होता, हे आठवतं.

बहिणीला सांगितलं, तू एकोणिसाव्या प्रयोगाला होतीस. ती म्हणाली, "नक्की ना? उद्या वीस म्हणशील." नक्की, म्हणाले.

५ नोव्हेंबर

मराठी रंगभूमी दिन. मामाला वाचनालयात बोलावलं होतं. काठी टेकत आला, चष्मा पुसला आणि अख्खा तक्ता उभ्यानेच वाचून काढला. हिस्टरी टूरचा स्वतंत्र कागद त्याने हातात घेतला, बोट वरून खाली फिरवत १९ पर्यंत नेलं आणि तिथे दोनदा टकटक केलं. मग परत वर आला.

"ब्रुनेई कुठाय?"

प्रागच्या वर ओळ होती: १६ जुलै १९९६, जेरुडाँग पार्क. शेरा होता: 'सुलतानाचा ५० वा वाढदिवस, विनामूल्य.' क्रमांकाचं घर मोकळं राहिलं होतं. छापखान्यात द्यायच्या आधी ते भरायचं राहूनच गेलं.

"मोकळं नको सोडू. कुणीतरी येऊन एक लिहील."

खिशातली पेन्सिल काढून त्याने माझ्याकडे दिली. मी आडवी रेघ ओढली.